टोमॅटोचं थंडगार गोड

आज सकाळी ऊन चढायच्या आत गच्चीवरचे उरलेले सगळे टोमॅटो काढून घेतले. झाडं अजून उभी आहेत, शेंड्याला पिवळी फुलं पण आहेत, पण एप्रिल संपत आलाय आणि पुण्यात आता रात्री पण पंखा बंद करवत नाही म्हटल्यावर त्या फुलांचं काही खरं नाही. टोमॅटोला रात्रीचा गारवा लागतो, रात्री तापायला लागल्या की परागकण नीट तयार होत नाहीत आणि फूल देठाच्या गाठीपाशी वाळून गळून पडतं. म्हणून हाताला लागले तेवढे सगळे काढले, परात भरली. टोमॅटोच्या झाडात हात घातला की बोटं हिरवट काळी होतात आणि साबण लावला की पिवळा फेस निघतो, आणि तो पानांचा उग्र वास दुपारपर्यंत जात नाही. मला तो वास फार आवडतो.

आता इतक्या पिकलेल्या टोमॅटोंचं करायचं काय. सार झालं, चटणी झाली, शेजारी वाटून झाले. फ्रीजमध्ये मी ते ठेवत नाही, कारण फ्रीजच्या थंडीत टोमॅटोची वास तयार करायची क्रियाच मंदावते आणि बाहेर काढल्यावर ती पूर्ण परत येत नाही, मग दिसायला लालबुंद आणि चव मात्र पाणचट. बाजारातल्या टोमॅटोचं तसं होतं त्यात शेतकऱ्याचा काही दोष नाही, नारायणगावहून ट्रकने लांब जायचं तर फळ कडक असतानाच तोडावं लागतं, साल जाड असलेली जात लावावी लागते. पण घरच्या झाडावर शेवटपर्यंत पिकू दिलेला टोमॅटो ही वेगळीच गोष्ट आहे, आणि मला मनापासून वाटतं की त्याला एकदा तरी आंब्यासारखा मान द्यावा, भाजीत न टाकता त्याचंच गोड करावं.

आईला सांगितलं तर म्हणाली, "टोमॅटोचं आइस्क्रीम? कोण खाणार गं ते?" मी म्हटलं अगं तूच तर आम्हाला शाळेतून आल्यावर टोमॅटोच्या फोडी साखर घालून द्यायचीस! वाटीत गोल चकत्या, वरून चमचाभर साखर, थोडा वेळ तसंच ठेवलं की साखरेने पाणी सुटायचं आणि तळाशी ते लाल गोड आंबट पाणी जमायचं, त्याच्यासाठी माझी आणि दादाची भांडणं व्हायची. मला आज तेच पाणी गोठवायचं होतं. आई लगेच उठली आणि माळ्यावरून पुरणयंत्र काढून दिलं.

पुरणयंत्र हे या कामाला इतकं छान आहे की मिक्सरचं नावच नको. मिक्सरमध्ये बिया फुटतात आणि रस तुरट होतो, शिवाय हवा भरून त्याचा गुलाबी फेस होतो. पुरणयंत्राला बारीक जाळी लावली की सालं आणि बहुतेक बिया वर राहतात आणि बियांभोवतीचा तो बुळबुळीत गर खाली उतरतो. तो गर खूप जण चमच्याने काढून टाकतात ते बघून मला वाईट वाटतं, टोमॅटोची खरी चव त्यातच सगळ्यात जास्त असते. नंतर एकदा गाळणीतून गाळलं. किलोभर टोमॅटोचा साधारण पाऊण लिटर रस निघतो, त्यात दीडशे ग्रॅम साखर, अर्ध्या लिंबाचा रस आणि चिमूटभर मीठ. गॅस लावायचा नाही, शिजवलं की सारासारखा वास येतो, साखर ढवळत राहिलं की कच्च्या रसातच विरघळते. वेलची तर अजिबात नको, वेलची पडली की टोमॅटो गायबच होतो.

साखर कमी करावी असं आईला वाटत होतं पण ती कमी करून चालत नाही. एक तर जीभ गार पडली की गोडी कमी जाणवते, त्यामुळे रस गोठवायच्या आधी जरा जास्तच गोड लागायला हवा, आणि दुसरं म्हणजे साखरेमुळे सगळं पाणी एकदम गोठत नाही, थोडा पाक मधे मधे ओला राहतो म्हणून बर्फाचे कण सुटे होतात. टोमॅटोत नव्वद टक्क्यांच्या वर पाणीच असतं, साखर कमी घातली तर नुसता दगड होईल.

मग पसरट स्टीलच्या डब्यात बोटभर उंचीचा थर ओतून फ्रीजरमध्ये. अॅल्युमिनियमचं भांडं नको, आंबट रस आहे. पहिल्या पाऊण तासात कडा गोठतात आणि मधे तसंच पातळ असतं, तेव्हा काट्याने कडा खरवडून मधे ओढायच्या, मग दर अर्ध्या तासाने तेच. इटलीतल्या सिसिली बेटावर याला ग्रॅनिटा म्हणतात, तिथे पूर्वी एटना डोंगरावरचा बर्फ साठवून त्याच्यापासून करायचे आणि आजही उन्हाळ्यात सकाळी नाश्त्याला गोड पावाबरोबर खातात, लिंबाचा, बदामाचा, तुतीचा. दुसऱ्या वेळी खरवडताना रंग बदलायला लागला, आधी गडद लाल होता तो कणाकणाने फिकट होत गेला, आणि काट्याच्या दातांमागे पातळ पातळ पापुद्रे उठत होते. शेवटी शेवटी तर सगळं कोरडं भुरभुरीत झालं, चमच्यात घेतलं की सरकायचं.

संध्याकाळी काचेच्या वाट्यांमध्ये भरलं, वर काही नाही, फक्त मिरपूड अगदी किंचित. पहिला घास नुसता गार लागतो, मग गोड, आणि जिभेवर विरघळलं की मागून टोमॅटो येतो, तो झाडाजवळ उभं राहून खाल्लेल्या गरम टोमॅटोचा वास असतो ना तोच. मला तर भरून आलं. आईने एक वाटी संपवली आणि दुसरी मागितली, आणि दादाला फोन करून सांगितलं की तुझ्या बहिणीने साखरेचा टोमॅटो गोठवलाय, लवकर ये.

डबाभर अजून शिल्लक आहे. उद्या खालच्या काकूंना देणार आहे, त्यांना सांगायला हवं की दहा मिनिटं आधी बाहेर काढून परत एकदा काट्याने मोकळं करा. सगळ्यात गोड लागलेल्या झाडाचे दोन टोमॅटो मी बाजूला ठेवले होते, त्यांच्या बिया गरासकट वाटीत पाण्यात घालून ठेवल्यात, दोन तीन दिवस आंबल्या की वरचं बुळबुळीत आवरण सुटतं, मग धुवून कागदावर सावलीत वाळवायच्या. हे बी संकरित नाही, मैत्रिणीच्या गावाकडून आलेलं साधं बी आहे, त्यामुळे पुढच्या वेळी पण असेच टोमॅटो येतील. पावसाचा जोर ओसरला की रोपं टाकते.