चांदमारीच्या रिळातील एक मिनिट

जुन्या चित्रफितींचे अंकीकरण करणे हे माझे काम. पहिल्या महायुद्धाच्या काळातील ब्रिटिश सैनिकांच्या चांदमारीचे एक रीळ नुकतेच माझ्याकडे आले. सोबतच्या टिपणात एका सहकाऱ्याने लिहिले होते की, पुढे पालथा पडलेला सैनिक मिनिटाला 16 गोळ्या झाडतो, म्हणजे ली-एनफिल्ड या ब्रिटिश सैन्याच्या रायफलीच्या कसोटीला तो उतरतो. 300 यार्डांवरील लक्ष्यावर मिनिटाला 15 नेमक्या गोळ्या, अशी ती कसोटी होती.

सहकाऱ्याने मोजणी सेकंदाला 24 फ्रेम्सच्या वेगाने केली होती. मूकपटांचा कॅमेरा हाताने फिरवला जाई. हँडलच्या एका फेऱ्यात 8 फ्रेम्स, सेकंदाला दोन फेरे, म्हणजे साधारण 16 फ्रेम्स, आणि प्रत्येक कॅमेरामनचा हात वेगळा. हे न तपासता वेग ठरवणे हा आमच्या क्षेत्रातील अक्षम्य आळस आहे, असे मी मानतो.

कसोटीचाच आकडा धरून वेग बसवला असता, तर रीळ साक्षीदार म्हणून निरुपयोगी ठरले असते, म्हणून त्याच दृश्यात दुसरे घड्याळ शोधणे भाग होते. मागे एक तुकडी संचलन करत जाताना दिसली. त्यांची 20 पावले 180 फ्रेम्समध्ये पडतात. संचलनाची ठरलेली गती मिनिटाला 120 पावलांची, म्हणजे कॅमेरा सेकंदाला 18 फ्रेम्सनी चालला होता. पाच गोळ्यांमधील चार अंतरे मिळून 360 फ्रेम्स भरली. म्हणजे दर गोळीला 5 सेकंद, मिनिटाला 12. तेही काडतुसे पुन्हा भरण्याचा वेळ न धरता, आणि प्रत्यक्ष कसोटीत तर पाच-पाच काडतुसांच्या क्लिपा त्याच मिनिटात भराव्या लागत.

पण ती तुकडी खरोखर 120 च्या गतीने चालत होती का, ही शंका मला अजून सोडत नाही. मिनिटाला 15 गोळ्या होण्यासाठी तिने 150 पावले टाकायला हवी होती, आणि त्या माणसांच्या चालण्यात तशी घाई मुळीच नाही. शिवाय कॅमेऱ्यासाठी त्या सैनिकाला सावकाश झाडायला सांगितले असेल, तर 12 हा आकडा त्याच्या कौशल्याविषयी काहीच सांगत नाही. 1916 च्या सॉमच्या लढाईवरील माहितीपटातील खंदकातून बाहेर पडण्याचे गाजलेले दृश्यही आघाडीमागे रचून चित्रित केलेले होते.

नोंदीत मी 18 फ्रेम्स हा वेग आणि तो काढण्याची रीत लिहिली. सहकाऱ्याचे वाक्य काढून टाकले. लक्ष्य एकाही फ्रेममध्ये नाही, हेही लिहिले.