कोळशाने रेखलेले गाव : प्रभाकर पाचपुते यांच्या चित्रांविषयी

पुण्या-मुंबईच्या चित्रप्रदर्शनांत गाव हमखास भेटते. लाल पागोट्यातला सुरकुतलेल्या चेहऱ्याचा म्हातारा, डोक्यावर घागर घेतलेली बाई, सांजवेळी धूळ उडवत परतणारी गुरे, कौलांवर उतरलेले सोनेरी ऊन. या चित्रांमागचे कसब खोटे नसते आणि जलरंगावरची हुकमत तर पुष्कळदा थक्क करणारी असते. पण त्यातला माणूस काही ठरवताना, कोणाला अडवताना, नोकरी धरताना किंवा सोडताना कधी दिसत नाही. त्याच्या जोडीला वर्तमानपत्रांनी घडवलेले दुसरे गावही आपल्या परिचयाचे आहे : भेगाळलेली जमीन आणि कपाळाला हात लावून आभाळाकडे पाहणारा शेतकरी. एक गाव आपल्याला हळवे करते, दुसरे कळवळायला लावते, आणि दोन्ही ठिकाणी गावकरी मात्र आपण पाहण्यासाठी स्थिर उभा असतो. प्रभाकर पाचपुते यांचे काम मला महत्त्वाचे वाटते ते ही दोन्ही गावे त्यांनी नाकारली म्हणून.

पाचपुते यांचा जन्म 1986 सालचा, चंद्रपूर जिल्ह्यातल्या सास्ती गावचा. राजुरा तालुक्यात, वर्धा नदीच्या खोऱ्यात हे गाव आहे आणि त्याच्या जमिनीखाली कोळसा आहे. त्यांच्या घरातल्या तीन पिढ्या खाणीत राबलेल्या. त्यांनी शिल्पकलेचे शिक्षण आधी छत्तीसगडमधल्या खैरागढच्या इंदिरा कला संगीत विश्वविद्यालयात आणि पुढे बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात घेतले, आणि 2012 मध्ये मुंबईत क्लार्क हाउस इनिशिएटिव्ह येथे ‘कॅनरी इन अ कोलमाइन’ या नावाने प्रदर्शन मांडले. खाणीतला विषारी वायू माणसाआधी पक्ष्याला बाधतो, म्हणून एके काळी कॅनरी पक्ष्याचा पिंजरा खाली नेत असत. धोक्याची पहिली खबर ज्याच्या जिवावर मिळते त्याच्यापासून या चित्रकाराने सुरुवात केली, हे त्याच्या पुढच्या सगळ्या कामाकडे पाहताना लक्षात ठेवण्यासारखे आहे.

त्या पट्ट्यातले गाव कसे असते, हे विदर्भाबाहेरच्या वाचकाला थोडे सांगायला हवे. खुल्या खाणीत कोळशापर्यंत पोहोचण्यासाठी वरचा सगळा थर काढावा लागतो. आधी शेतीची काळी माती जाते, मग मुरूम, मग सुरुंग लावून फोडलेला खडक, आणि हे सारे डंपरने वाहून शेजारीच टाकले जाते. त्यामुळे सपाट मुलखात एका बाजूला पायऱ्यापायऱ्यांनी खोल उतरत गेलेला खड्डा आणि दुसऱ्या बाजूला मातीचे राखाडी डोंगर असे उलटेपालटे भूदृश्य तयार होते. कोळसा असलेली जमीन सरकारला ताब्यात घेता यावी यासाठी 1957 पासून स्वतंत्र कायदा आहे. जमीन गेली की घरातल्या एखाद्याला खाणीत नोकरी मिळावी, ही धडपड सुरू होते. कालचा कापूस-सोयाबीनवाला आज शिफ्टच्या वेळेला बांधला जातो, पण घरी आल्यावर पावसाची, बैलांची, उरलेल्या एकरभराची चिंताही त्याला सोडत नाही. तो शेतकरी की कामगार, हा प्रश्नच त्याला लागू पडत नाही, कारण तो दोन्ही असतो. उद्योग शहरात आणि निसर्ग गावात, अशी वाटणी करून बसलेल्या आपल्या मनात या माणसासाठी जागाच नाही.

पाचपुते यांनी ती जागा चित्रात निर्माण केली. त्यांच्या माणसांना बहुधा चेहरा नसतो. धडावर डोक्याच्या जागी एखादे अवजार, यंत्राचा भाग किंवा दिवा उगवलेला असतो. प्राण्यांचे आणि यंत्रांचे अवयवही असेच एकमेकांत मिसळलेले दिसतात. यात दुःख आहे, पण गयावया नाही. सुरकुतलेल्या चेहऱ्याच्या चित्रापुढे आपण त्या म्हाताऱ्याच्या डोळ्यांत पाहतो, हळहळतो आणि पुढच्या चित्राकडे वळतो. इथे डोळेच नाहीत, त्यामुळे सहानुभूतीचा तो सोपा रस्ता बंद होतो आणि पाहणाऱ्याला शरीराकडे पाहावे लागते : खांदे कसे झुकले आहेत, पाय जमिनीत किती रोवले आहेत, हातात काय धरले आहे. श्रमाने माणसाचे काय होते हे सांगण्याचा इतका थेट मार्ग मला समकालीन मराठी चित्रकारांमध्ये क्वचितच दिसला आहे.

त्यांचे माध्यमही या म्हणण्यापासून वेगळे काढता येत नाही. कॅनव्हास, शिल्प, प्लायवुडचे कापलेले आकार, एकेक चित्र हलवत केलेली अ‍ॅनिमेशनपट्टी असे बरेच काही त्यांनी हाताळले आहे, पण त्यांची ओळख झाली ती थेट भिंतीवर चारकोलने काढलेल्या प्रचंड रेखाटनांमुळे. चारकोल भिंतीवर पक्का बसत नाही. रेघ ओढताना त्याची भुकटी खाली झडते, तळहात लागला की आकार पुसट होतो, आणि तो पुसटपणाच मग धूर किंवा धूळ होऊन चित्रात राहतो. प्रदर्शन संपले की अशी भिंत पुन्हा रंगवली जाते आणि चित्र नाहीसे होते. विकत घेऊन दिवाणखान्यात टांगायचे रम्य गाव आणि हे न टिकणारे गाव यांतला फरक मला फार मोलाचा वाटतो.

मार्च 2018 मध्ये किसान सभेच्या नेतृत्वाखाली हजारो शेतकरी, त्यांत आदिवासी मोठ्या संख्येने, नाशिकहून सुमारे 180 किलोमीटर चालत मुंबईला आले. त्यांच्या रक्ताळलेल्या पायांची छायाचित्रे सर्वांनी पाहिली. पण दहावीच्या परीक्षार्थींची अडचण होऊ नये म्हणून शेवटचा टप्पा त्यांनी रात्रीच चालून काढला, हा निर्णय मला त्या छायाचित्रांइतकाच बोलका वाटतो. संघटितपणे विचार करणारे हे गाव पाचपुते यांच्या कामातही आहे. त्याच वर्षीच्या डिसेंबरमध्ये सुरू झालेल्या कोची-मुझिरिस बिनालेत, म्हणजे दर दोन वर्षांनी भरणाऱ्या कलाप्रदर्शनात, त्यांनी शेतकऱ्यांच्या आंदोलनांशी नाते सांगणारे काम मांडले. पुढे वेल्समधल्या कार्डिफ येथील ‘आर्टेस मुंडी’ या कलापुरस्काराच्या प्रदर्शनासाठी त्यांनी तिथल्या खाणकामगारांच्या इतिहासाशी आपल्या अनुभवाचा धागा जोडला आणि निषेधाच्या फलकांची भाषा चित्रांत आणली. 2021 मध्ये तो पुरस्कार त्यासाठी निवडलेल्या सहाही कलावंतांना मिळून देण्यात आला, त्यांत ते होते. सास्तीचा माणूस वेल्सच्या खाणकामगाराशी बरोबरीच्या नात्याने बोलू शकतो, हे इथे उघड दिसते. गाव म्हणजे जगापासून तुटलेला कोपरा, हा समज त्यापुढे टिकत नाही.

एक शंका मात्र माझ्या मनात आहे. 2022 च्या व्हेनिस बिनालेसारख्या ठिकाणी हे काम पाहणाऱ्याला त्यातले अद्भुत आकार भुरळ घालतील, पण डंपरची धूळ आणि भूसंपादनाची नोटीस त्याच्यापर्यंत पोहोचेलच असे नाही. यंत्राच्या डोक्याचा माणूस हा केवळ स्वप्नातला प्राणी ठरण्याचा धोका तिथे राहतो. म्हणून चंद्रपूर, बल्लारपूर, राजुरा इथल्या शाळकरी मुलांना हे काम पाहायला मिळावे असे मला मनापासून वाटते. चित्रकलेच्या तासाला ‘माझे गाव’ काढायला सांगितले की डोंगर, त्यामागून उगवणारा सूर्य, नदी आणि झोपडी काढायची, असे आपण मुलांना पिढ्यान्‌पिढ्या शिकवत आलो आहोत. खाणीजवळच्या मुलाने त्या डोंगराच्या जागी मातीचा ढिगारा आणि त्यावर चढणारा डंपर काढला, तर त्याचे गुण कापले जाऊ नयेत.