सातव्या खात्याला अडलेला अनुवादाचा तास

अनुवादाच्या पेपरसाठी विद्यार्थ्यांकडून विकिपीडियावरचे लेख मराठीत आणून घ्यायचा विचार असेल, तर एकच विनवणी: खाती उघडायचं काम कॉलेजच्या लॅबमध्ये ठेवू नका. बाकी सगळं निभतं. यातला अनुवाद हा त्या मानाने सोपा भाग, असं म्हटलं तर भाषेचे प्राध्यापक रागावतील, पण माझा अनुभव तोच आहे.

विभागाची परवानगी चहा संपायच्या आत मिळाली. अंतर्गत गुणांत उपक्रम बसला. गोव्यातल्या डिचोली, सत्तरी, पेडण्याकडची मुलं, मराठी वाचत वाढलेली. लेख वाटून घेताना थोडी भांडणं झाली तेवढीच. मग लॅबचा दिवस उजाडला.

पहिल्या रांगेतली खाती पटापट उघडली. सातव्या मुलीच्या पडद्यावर नकार आला. तिला वाटलं नाव कुणीतरी आधीच घेतलंय, म्हणून तिने पुढे जन्मसाल जोडलं. तरी नकार. मागच्या रांगेतही तेच. कारण साधं आहे. कॉलेजातले सगळे संगणक बाहेरच्या जगाला एकाच आयपी पत्त्यावरून, म्हणजे इंटरनेटवरच्या ओळख-आकड्यावरून, दिसतात आणि एका पत्त्यावरून २४ तासांत सहाच खाती उघडता येतात. कुणी एका बैठकीत शेकडो खोटी खाती काढून धुडगूस घालू नये म्हणून ही मर्यादा आहे. नियम रास्तच, पण तो समोर येतो तेव्हा वर्गभर मुलं आपल्याकडे बघत बसलेली असतात. मोबाईलवरून करा म्हटलं, तर काहींचं झालं आणि काहींना बंदीची सूचना आली. मोबाईल नेटवर्कवर एकच पत्ता असंख्य लोकांच्या वाट्याला येतो. आधीच्या कुणाच्या उपद्व्यापाची शिक्षा आमच्या मुलांना.

यावर सरळ उपाय आहे. कार्यशाळेची तारीख, वेळ, विद्यार्थ्यांची अंदाजे संख्या आणि संस्थेचा आयपी पत्ता देऊन विकिपीडियाकडे आधीच विनंती केली, तर त्या दिवसापुरती मर्यादा वाढवून मिळते. बरेच दिवस हातात ठेवून करावी लागते, एवढंच. मला फक्त आमचा आयपी पत्ता हवा होता. फक्त!

आमच्या संगणक विभागात गेले. "ती सिक्युरिटीची बाब आहे, टीचर. अर्ज घाला." अर्ज घातला. तो प्राचार्यांमार्फत यायला हवा होता म्हणून परत आला. मार्फत पाठवला, तर वर शेरा: परदेशी संस्थेला ही माहिती कशासाठी? तुम्ही जी साइट उघडता तिला हा पत्ता दिसतच असतो, त्याशिवाय पान तुमच्यापर्यंत येणार कसं, हे मी त्या टेबलासमोर उभी राहून समजावत होते. ऐकणाऱ्या गृहस्थांच्या संगणकावर तेव्हा क्रिकेटचा स्कोअर चालू होता. तोही त्याच पत्त्यावर येत होता. मी तसं म्हटलं. ते हसले आणि म्हणाले, "तें खरें, पूण अर्ज फायलीक लागूंक जाय."

फाईल फिरत राहिली. शेवटी लॅबच्या एका संगणकावर आयपी पत्ता दाखवणारी साइट उघडली, आकडे वहीत उतरवले आणि विनंती पाठवली. ती मान्यही झाली. कार्यशाळेच्या सकाळी लॅब वेगळ्याच पत्त्यावरून चालू होती. कॉलेजला इंटरनेटच्या दोन लाइनी आहेत आणि एकीवर ताण आला की दुसरी चालू होते, हे त्या सगळ्या पत्रव्यवहारात कुणालाही सांगावंसं वाटलं नव्हतं. पुन्हा सहा खाती, पुन्हा नकार.

सुटका केली ती चवथीने, म्हणजे गणेश चतुर्थीने. सुट्टीत मुलं आपापल्या गावी गेली, तिथल्या घरच्या इंटरनेटवरून ज्याने त्याने खातं उघडलं. साखळीच्या एका मुलीने शेजारपाजारच्या, नेट नसलेल्या मैत्रिणींनाही घरी बोलावलं. सुट्टीवरून परतलेल्या वर्गात प्रत्येकाकडे खातं होतं आणि मला कुणाच्या सहीची गरज उरली नव्हती. इतकं हलकं वाटलं की त्या दिवशी तास दहा मिनिटं आधी सोडला. नवीन खात्याला काही अधिकार थोड्या दिवसांनीच मिळतात, त्यामुळे तसंही खातं आधी उघडलेलं बरं. पासवर्ड मात्र लिहून ठेवायला सांगा, आणि खात्याला ईमेल जोडायलाही. नाहीतर पासवर्ड विसरला की खातं गेलंच म्हणून समजा.

प्रत्यक्ष अनुवादासाठी विकिपीडियाचं स्वतःचं साधन आहे. मूळ लेख एका बाजूला, आपला दुसऱ्या बाजूला, आणि हवा तर यंत्राचा कच्चा मसुदा. मसुदा जसाच्या तसा ठेवला की इशारा येतो. मग मुलगे 'आहे'चं 'असते' करून इशारा घालवायला बघतात. म्हणून मी पहिला परिच्छेद धूळपाटीवर, म्हणजे विकिपीडियावरच्या सरावाच्या पानावर, यंत्राशिवाय करायला लावला.

पेडण्याच्या एका मुलीने गोव्याच्या जनमत कौलावरचा लेख घेतला होता. १६ जानेवारी १९६७. महाराष्ट्रात विलीन व्हायचं असेल तर फूल, संघप्रदेश राहायचं असेल तर दोन पानं. ३४,०२१ मतांनी दोन पानं जिंकली. मूळ लेखात नसलेलं 'दुर्दैवाने' तिच्या मराठीत निकालाच्या वाक्याआधी बसलं होतं. विचारल्यावर म्हणाली, "आमच्या घरात हे असंच सांगतात, टीचर." तिला पणजीला मध्यवर्ती ग्रंथालयात धाडलं, दोन्ही बाजूंचं वाचून ये म्हणून. परत आल्यावर तिने तो शब्द स्वतःच काढला आणि विलीनीकरणवाद्यांची बाजू संदर्भासकट वेगळ्या परिच्छेदात मांडली. सगळ्या वर्गात मला तो परिच्छेद सर्वांत आवडला.

हो, एक राहिलं. साधन न वापरता लेख चढवला, तर तो कुठल्या भाषेतल्या कुठल्या लेखावरून केला हे बदलांच्या सारांशात दुव्यासह लिहायला लावा. मूळ लेखकांना श्रेय देणं ही विकिपीडियाच्या परवान्याची अट आहे. साधन ते आपोआप करतं.

गुण देताना लेखाचा 'इतिहास' उघडा. कोणी किती, कधी केलं ते मिनिटामिनिटाने दिसतं. जमा करायच्या आदल्या रात्री सगळा लेख एका दमात चढवणारा तिथे लपत नाही. एकाने माझ्याकडे तक्रार आणली, की कुणा अनोळखी माणसाने त्याची दोन वाक्यं बदलली. लेखाच्या चर्चापानावर जाऊन विचार म्हटलं. त्याने विचारलं, उत्तर आलं, हा परत भांडला. एक वाक्य त्याचं राहिलं, एक त्या माणसाचं. त्या भांडणाचे मी वेगळे पाच गुण दिले.