उन्हाळ्याच्या तोंडावर राजगड, आणि धायटी

सह्याद्रीत फुलं बघायची म्हटलं की सगळे सप्टेंबरात कासला पळतात, नाहीतर कारवी फुलल्याची बातमी आली की तिच्यामागे. मला विचाराल तर फेब्रुवारी-मार्चमधे एखादा गड चढा, गवत वाळलेलं, ओढे आटलेले, आणि त्या सगळ्या करड्या रंगात मधेच लालभडक झुडपं, ती धायटी.

यावेळी राजगड केला, गुंजवण्यातून. गाव सुटून मुरमाड चढ लागला की धायटी दिसायलाच लागते. गच्च रानात ही फारशी रमत नाही, तिला ऊन पाहिजे. ओढ्याकाठचे धोंडे, घाटरस्त्याची कापलेली दरड, उघडाबोडका उतार, जिथे बाकीच्यांचं काही चालत नाही तिथे ही मजेत. उंची फार तर दहा फूट, फांद्या लांब, वाकलेल्या, साल तांबूस नि पापुद्रे सुटलेली, पानं बरीचशी झडलेली आणि अख्ख्या फांदीला लाल नळ्यांचे झुबके.

आता गंमत बघा, ती लाल नळी म्हणजे पाकळ्या नाहीतच, तो फुलाचा कोश, म्हणजे पाकळ्यांबाहेरचं आवरण. पाकळ्या असतात सहा, पण नळीच्या तोंडाशी आणि इतक्या बारीक की शोधाव्या लागतात, बाहेर डोकावतात ते पुंकेसर, बहुतेक १२. पाकळ्या गळल्या तरी कोश फांदीवरच राहतो, त्याच्या आतच फळ धरतं. डाळिंबाचं फूल आठवा, तिथेही जाडजूड लाल कोशच की! दोघी एकाच कुळातल्या, मेंदी आणि आपलं तामणसुद्धा त्यातलंच.

नळीत मध भरपूर. एका झुडपापाशी पाणी प्यायला टेकलो तर शिंजीर हटायलाच तयार नाही, चोच आत घालायचा, पुढच्या फुलावर, परत मागे. बरोबरचा मित्र खेड्यात वाढलेला, त्याने एक फूल तोडून चोखायला दिलं, खरंच गोड लागतं (पण एकच हां, बाकीची पाखरांची).

घरी दशमूलारिष्ट किंवा अशोकारिष्टाची बाटली असेल तर त्यावरची यादी वाचा, धातकी म्हणजे हीच. वाळलेल्या फुलांवर यीस्ट असतं, गुळाच्या काढ्यात टाकली की आंबायची क्रिया सुरू होते. फुलांपासून कापडाला लाल रंगही द्यायचे.

एका सोंडेवर मात्र वणवा जाऊन गेलेला, सगळं काळं. गवत चांगलं येतं म्हणून लावतात म्हणे, मला तरी ते अजिबात पटत नाही, ऐन फुलाच्या दिवसात पाखरांचं खाणंच जळतं ना.

चोर दरवाज्याच्या अलीकडचा कातळ उन्हात चांगलाच तापतो, तेव्हा पहाटेच चढा, पाणी जास्तीचं ठेवा. उतरायला पाली दरवाज्याची पायऱ्यांची वाट सोपी, फक्त ती दुसऱ्या बाजूला उतरते त्यामुळे गाडीचं आधी ठरवून ठेवा.