जे. एम. रोडच्या पोटात

पुण्यात रस्त्यांवरून बोलणं निघालं की कुणीतरी म्हणणारच, ‘जे. एम. रोड बघा, खड्डा म्हणून नव्हता!’ जे. एम. म्हणजे जंगली महाराज रस्ता. 1970च्या दशकात रेकॉन्डो कंपनीने तो दहा वर्षांची हमी देऊन केला. हमी संपली, तरी पुढे कितीतरी पावसाळे रस्ता तसाच राहिला. जंगली महाराजांची समाधी काठावरच आहे, तेव्हा श्रेय तिकडे द्यायलाही हरकत नाही. पण करामत हॉटमिक्सची.

खडी आणि डांबर यंत्रात दीडशे अंशांच्या आसपास तापवून कालवायचं आणि गरम आहे तोवर पसरून रोलर फिरवायचा. माल गार झाला की रोलर कितीही फिरवा, आत पोकळ्या राहतात. त्यात पाणी मुरतं, खडीवरचं डांबर सुटतं. वरून चाक गेलं की तेच पाणी दाबाने खडी उचकटतं. आधी केसाएवढी चीर, मग घमेलंभर खड्डा. म्हणून मधोमध उंचवटा आणि कडेला मीटरमागे दोन-अडीच सेंटिमीटर उतार हवा. जुना थर न खरवडता नवा चढवत गेलं की हा उतार बिघडतो, ड्रेनेजची झाकणं खोल जातात. केबलसाठी खणलेला चर नीट न ठोकता बुजवला, तर पहिल्या सरीतच खचतो.

पोटातलं टिकलं, वरचं मात्र पालटत गेलं. आठव्या शतकातलं पाताळेश्वर लेणं, त्याचा गोल नंदीमंडप, आजही रस्त्याच्या पातळीखाली शांत बसलाय. 1968 मध्ये बालगंधर्व रंगमंदिर उघडलं आणि तिसऱ्या घंटेच्या आत पोचायची घाई या रस्त्याला लागली. मग बंगले गेले, शोरूम आले. अलीकडे पदपथ ऐसपैस झाले, बाकं आली, मुलांना खेळायला जागा झाली. गाडी लावायची कुठे, ही कुरकुर अर्थातच झाली. ती ऐकून पदपथ अरुंद केला नाही, हे बरं झालं.

पदपथाच्या तोंडाशी खांब रोवण्यातही मेख आहे. चाकाच्या खुर्चीला नव्वद सेंटिमीटर तरी फट लागते. स्कूटरचं हँडल साधारण सत्तर. खुर्ची जाईल तिथून स्कूटर आरामात जाते, आणि पुणेकराला ते मोजून सांगावं लागत नाही.