एरंडावरची उंटअळी : यंदाची तुकडी आणि मामांचा प्रश्न

३ ऑगस्ट. मोहोळकडच्या मामांच्या बांधावरून एरंडाची तीन पानं आणली. त्यावर सुटी सुटी ३१ अंडी होती. राजगिऱ्याच्या दाण्याएवढी, निळसर हिरवी. भिंगाखाली धरली की भोपळ्यासारख्या उभ्या रेघा दिसतात. शास्त्रीय नाव अकिया जनाटा. लिनियसने १७५८ साली नाव दिलेला हा पतंग आपल्याकडे शेतकऱ्याला माहीत आहे तो फक्त अळी म्हणून.

पानं तोडताना मामांनी विचारलं, "हा एरंड उपटून टाकू का? उद्या ही पिलावळ डाळिंबात शिरायची." ही अळी डाळिंबाचं पानही खाते हे मला माहीत होतं. किती आवडीने खाते, ते माहीत नव्हतं.

६ ऑगस्ट. २७ फुटली. १५ एरंडावर ठेवल्या, १२ डाळिंबाच्या कोवळ्या फुटव्यावर. एरंडवाल्यांनी लगेच पान खरवडायला घेतलं. डाळिंबवाल्या पहिला दिवसभर बरणीच्या तोंडाच्या मलमलीवरच हिंडत होत्या.

११ ऑगस्ट. माझा गाढवपणा. पान टवटवीत राहावं म्हणून देठ पाण्याच्या बाटलीत खोचला आणि तोंडाला कापूस लावायला विसरले. एरंडावरच्या ४ अळ्या देठावरून खाली उतरून बुडाल्या. नव्याने पाळणाऱ्यांनो, कापूस आधी, पान मागून. डाळिंबावरच्या ५ तोवर आपोआपच गेल्या होत्या.

१५ ऑगस्ट. एरंडावरची एक अळी बाकीच्यांच्या निम्मीच राहिली, खाणं बंद. सकाळी बघते तर तिच्या मागच्या टोकाला, पोटाखाली, तपकिरी रंगाचा बारका कोष चिकटलेला. अळी जिवंत, काडीने डिवचलं की डोकं हलवते, पण जागची हलत नाही. अळीच्या अंगात अंडं घालणाऱ्या परजीवी गांधीलमाशीचं काम, तिचं पिल्लू आतून पोखरून बाहेर आलं. मायक्रोप्लायटिस म्हणून जुन्या पुस्तकांत असते तीच असावी. अळी बांधावरून आणली नव्हती, अंड्यातून घरीच निघाली होती. म्हणजे माशी माझ्या गॅलरीत आली होती! मलमल बदलायला हवी.

१९ ऑगस्ट. एरंडावरच्या १० अळ्या आता बोटाएवढ्या. करड्या अंगावर बाजूने तांबूस-पांढरा पट्टा, डोकं काळं. पोटाच्या पायांची पहिली जोडी खुजी, त्यामुळे चालताना पाठीची कमान होते. उंटअळी नाव त्यावरूनच. रात्री कान लावला तर पान कुरतडल्याचा आवाज येतो. तळहाताएवढं पान सकाळी नुसत्या शिरा. लेंड्या रोज दोनदा झाडते, नाहीतर बुरशी धरते. डाळिंबावरच्या ७ मात्र अजून पेरभरच.

२३ ऑगस्ट. एरंडवाल्या कोषात गेल्या. पान दुमडून आत, दोन-चार खालच्या मातीत. कोषावर खडू लावल्यासारखी पांढरी पूड. डाळिंबवाल्या २९ला गेल्या, त्यातली एक वाटेतच मेली.

५ सप्टेंबर. १० पैकी ९ पतंग बाहेर. पुढचे पंख वाळक्या पानासारखे. मागचे काळे, मधे पांढरा पट्टा, कडेला पांढरे ठिपके. डाळिंबाचे ४ निघाले ते ११ तारखेला, अंगाने लहान. नमुना थोडा आहे, पण मला तरी उत्तर मिळालं: समोर एरंड असेल तर ही अळी डाळिंबाकडे फारशी वळणार नाही.

१३ सप्टेंबर, रात्री मामांच्या डाळिंबाच्या बागेत. आंबे बहाराची शेवटची फळं झाडावर. दिव्याच्या उजेडाला आलेले पतंग बसावेत म्हणून पडदा टांगायचा होता. सोलापुरात राहून त्याला कापड शोधावं लागणं हा विनोदच आहे. चादरीच्या नक्षीत पतंग बसला तरी दिसत नाही आणि टर्किश टॉवेलच्या फाशात बारक्यांचे पाय अडकतात. शेवटी बाबांचं जुनं धोतर लावलं. धोतरावर एरंडाचे दोन आले. खरी मजा झाडांत होती. आमचा पतंग बसला होता तडकलेल्या फळावर, आयता रस ओढत. शेजारच्या धड फळावर मात्र दुसराच, चांगला थोराड. सोंड सालीत रुतलेली, अंग मागेपुढे. जरा उडाला तेव्हा मागच्या पंखांचा नारिंगी रंग दिसला. युडोसिमा, म्हणजे फळाला भोक पाडून रस शोषणारा पतंग. फळ दाबलं तर टाचणीएवढ्या भोकातून रस आला.

याची अळी एरंडावर नसते, गुळवेलीवर असते. आणि गुळवेल मामांच्याच विहिरीवरच्या कडूनिंबावर शेंड्यापर्यंत चढलेली.

मामांना सांगितलं, एरंड राहू द्या, तोडायचीच तर ती वेल तोडा. मामा काही बोलायच्या आत मामी म्हणाल्या, "काढ्याची गुळवेल आहे ती. तिला कुणी हात लावायचा नाही."

पुढच्या रविवारी शिडी घेऊन वेलीवर अळ्या शोधणार आहे.