पेटनची टेकडी

शिकागोच्या वायव्येला आर्लिंग्टन हाइट्स नावाचे उपनगर आहे. इलिनॉयचा हा सगळा प्रदेश तळहातासारखा सपाट असल्यामुळे तिथली एक हिरवी टेकडी लांबूनच नजरेत भरते. पूर्वी त्या जागी कचरा टाकला जात असे. पुढे त्या ढिगावर माती चढली, गवत उगवले आणि आता तिथे गोल्फचे मैदान आहे. गेल्या ऑक्टोबरमध्ये आमच्या शेजारचे आजोबा मला आणि माझ्या मुलाला मुद्दाम ही टेकडी दाखवायला घेऊन गेले. ते निवृत्त बसचालक आहेत आणि शिकागो बेअर्स या अमेरिकन फुटबॉल संघावर त्यांची आयुष्यभराची निष्ठा आहे. पायथ्याशी थांबून त्यांनी काठी वर रोखली आणि वॉल्टर पेटन इथे धावायचा, एवढेच सांगितले. टेकडीला आता बेअर्सच्या या जुन्या खेळाडूचेच नाव आहे.

मुलगा धावत सुटला आणि निम्म्या वाटेवर कमरेवर हात ठेवून उभा राहिला. मी चालतच वर गेले. चढ फार उंच नाही, पण इतका उभा आहे की टाच जमिनीला टेकत नाही आणि पिंढऱ्या लगेच भरून येतात. असा चढ पेटन उन्हाळ्याच्या सुट्टीत एकामागून एक, पुन्हा पुन्हा चढत असे. सोबत सराव करायला आलेले इतर व्यावसायिक खेळाडू अर्ध्यावर थांबत, असे आजोबांनी सांगितले. त्या दिवसापासून मी या माणसाविषयी मिळेल ते वाचत आणि जुने सामने पाहत आले आहे, आणि भारतात तो फारसा कुणाला ठाऊक नसल्यामुळे त्याच्याविषयी सविस्तर लिहावेसे वाटते.

अमेरिकन फुटबॉलमध्ये ‘रनिंग बॅक’ नेमके काय करतो, हे कबड्डी पाहत मोठ्या झालेल्या माणसाला पटकन कळते. मी सांगलीची आहे. चढाईला गेलेल्या खेळाडूला चौघांनी धरलेले असताना तो त्यांना फरपटत मध्यरेषेकडे हात लांबवतो, तो क्षण डोळ्यांसमोर आणावा. रनिंग बॅकचे काम बरेचसे तसेच असते. संघाची चाल सुरू करणारा क्वार्टरबॅक चेंडू त्याच्या पोटाशी देतो, समोर आपले धिप्पाड लाइनमन प्रतिस्पर्ध्यांना रेटून एखादी फट उघडण्याचा प्रयत्न करत असतात आणि ती फट मिटण्यापूर्वी त्याला तिच्यातून मुसंडी मारायची असते. संघाला चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे जायचे असते, त्यामुळे एकेका यार्डासाठी झुंज होते. कबड्डीत पकड झाली की खेळाडू बाहेर जाऊन बसतो. इथे मात्र तो उठतो आणि अर्ध्या मिनिटाने पुन्हा त्याच भिंतीवर जाऊन आदळतो.

पेटनने 1975 ते 1987 अशा तेरा हंगामांत 3,838 वेळा चेंडू घेऊन अशी धाव घेतली आणि एकूण 16,726 यार्ड मिळवले. हा आकडा वाचून मला काहीच बोध होईना, म्हणून मी त्याचे मीटर करून पाहिले. ते अंतर सव्वापंधरा किलोमीटरच्या आसपास भरते, म्हणजे पुण्यात स्वारगेटहून निघून खडकवासल्याच्या जवळ पोहोचावे इतके. पण ते सलग धावायचे नाही. सरासरी काढली तर दर चार मीटरांना कुणीतरी, बहुतेकदा शंभर किलोंहून अधिक वजनाचा माणूस, तुम्हाला जमिनीवर आपटणार, आणि तुम्ही उठून पुढचे चार मीटर जायचे. पेटन स्वतः पाच फूट दहा इंचांचा आणि साधारण नव्वद किलोंचा होता, म्हणजे त्या खेळाच्या मानाने लहानखुराच.

तो मूळचा मिसिसिपी राज्यातील कोलंबिया या छोट्या गावचा. वर्णभेदामुळे तिथल्या कृष्णवर्णीय मुलांच्या शाळा वेगळ्या होत्या. 1970 मध्ये शाळा एकत्र झाल्या आणि पेटन कोलंबिया हायस्कूलमध्ये आला, तेव्हा गोऱ्या आणि काळ्या मुलांचा एकच संघ मैदानात उतरू लागला. त्याआधी तो शाळेच्या बँडमध्ये ड्रम वाजवत असे. थोरला भाऊ एडी फुटबॉल खेळत होता आणि त्याच्याशी तुलना नको म्हणून वॉल्टर बाजूला राहिला होता. भावाची शाळा संपल्यावर तो संघात आला. पर्ल नदीच्या काठावरच्या वाळूत दोघे भाऊ पळण्याचा सराव करत. कोरड्या वाळूत पाय रुततो, पाऊल उचलायला दुप्पट जोर लागतो, आणि तो जोर पुढे कठीण जमिनीवर वेग होऊन बाहेर पडतो. आर्लिंग्टन हाइट्सची टेकडी म्हणजे त्या वाळूचाच पुढचा अवतार होता, असे मला वाटते.

कृष्णवर्णीयांसाठी स्थापन झालेल्या जॅक्सन स्टेट या विद्यापीठात त्याने नाव कमावले आणि 1975 च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, शिकागोने त्याला चौथ्या क्रमांकावर उचलले. पहिल्या सामन्यात त्याने आठ वेळा चेंडू घेऊन धाव घेतली आणि एकूण शून्य यार्ड मिळवले. आठ वेळा मुसंडी मारायची आणि निघालो तिथेच उभे राहायचे, हे नवख्याच्या मनाला किती लागले असेल. त्या हंगामात घोट्याच्या दुखापतीमुळे प्रशिक्षकांनी त्याला एका सामन्यातून वगळले, तेही त्याची खेळण्याची तयारी असताना. पुढच्या बारा वर्षांत दुखापतीमुळे त्याचा एकही सामना चुकला नाही. ज्या जागेवर खेळणाऱ्यांची गुडघे, घोटे आणि खांदे यांमुळे दोन-तीन वर्षांत गच्छंती होते, त्या जागेवरची ही सलगता मला त्याच्या सगळ्या विक्रमांहून मोठी वाटते.

1977 च्या 20 नोव्हेंबरचा सामना आजोबांनी सोल्जर फील्ड मैदानावर बसून पाहिला होता. प्रतिस्पर्धी होता मिनेसोटा व्हायकिंग्ज. पेटनला फ्लू झाला होता, अंगात ताप होता, आणि त्या अवस्थेत त्याने चाळीस वेळा चेंडू घेऊन 275 यार्ड मिळवले. एका सामन्यातला तो तेव्हाचा विक्रम होता आणि 2000 सालापर्यंत टिकला. बेअर्सनी तो सामना 10–7 असा जेमतेम जिंकला. याचा अर्थ असा की पेटनव्यतिरिक्त त्या संघाकडे त्या दिवशी फारसे काही नव्हते, हे व्हायकिंग्जच्या अकराही जणांना ठाऊक होते, चेंडू कुणाकडे येणार हेही ठाऊक होते, आणि तरीही त्यांना तो थोपवता आला नाही. त्या वर्षी हंगाम चौदाच सामन्यांचा असे. त्यात त्याने 1,852 यार्ड केले आणि लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला.

त्याच्या खेळाची एक सवय मी जुन्या चित्रफितींत पुन्हा पुन्हा थांबवून पाहिली. मैदानाच्या कडेला पोहोचलेला रनिंग बॅक समोरून बचावपटू येताना दिसला की सहसा रेषेबाहेर पाऊल टाकतो. त्यात काही कमीपणा नाही, त्याने शरीर वाचते. पेटन बाहेर जात नसे. तो आतल्या बाजूला वळे, मोकळा हात ताठ करून समोरच्याच्या छातीवर किंवा शिरस्त्राणावर रोवी आणि धडक बसायचीच असेल तर ती स्वतः देई. धाव संपता संपता मिळणारा तो शेवटचा एक यार्ड तो कुणाला फुकट देत नसे. गुडघे न वाकवता पाय पुढे फेकत पळण्याची त्याची ढब, मध्येच घेतलेली उंच उडी आणि या सगळ्यांतून दिसणारी लय नजरेत भरतात. त्याला ‘स्वीटनेस’ हे टोपणनाव होते. टचडाऊन झाल्यावर, म्हणजे चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या शेवटच्या रेषेपार नेल्यावर, मात्र तो नाचत वगैरे नसे. चेंडू तो पुष्कळदा आपल्या एखाद्या लाइनमनच्या हातात देई, कारण फट त्याने उघडलेली असे.

संघ मात्र बरीच वर्षे सामान्यच राहिला. 7 ऑक्टोबर 1984 रोजी पेटनने जिम ब्राउन यांचा कारकिर्दीतल्या 12,312 यार्डांचा विक्रम सोल्जर फील्डवर मोडला, आणि पुढच्याच हंगामात माइक डिट्का यांच्या मार्गदर्शनाखाली बेअर्सनी सोळांपैकी पंधरा सामने जिंकून सुपर बोल, म्हणजे विजेतेपदाचा अंतिम सामना, गाठला. 26 जानेवारी 1986 रोजी न्यू ऑर्लिन्समध्ये त्यांनी न्यू इंग्लंड पेट्रियट्सचा 46–10 असा धुव्वा उडवला. या एवढ्या गुणसंख्येत पेटनचा एकही टचडाऊन नव्हता. प्रतिस्पर्ध्यांनी सगळी ताकद त्याच्यावर लावली होती आणि त्यामुळेच इतरांना वाट मोकळी मिळाली. टचडाऊनच्या रेषेपासून अगदी एका यार्डावर चेंडू असतानासुद्धा तो विल्यम पेरी या अवाढव्य बचावपटूच्या हाती देण्यात आला आणि त्याने टचडाऊन केला. ती संधी पेटनला द्यायला हवी होती, अशी खंत डिट्का यांनी पुढे जाहीरपणे बोलून दाखवली. दहा वर्षे संघ खांद्यावर वाहणाऱ्या माणसाला त्या रात्री तेवढा एक यार्ड मिळायला हवा होता, असे मलाही मनापासून वाटते.

10 जानेवारी 1988 रोजी वॉशिंग्टनकडून 21–17 असा पराभव झाला आणि त्याची कारकीर्द संपली. सामना संपल्यावर सगळे आत निघून गेले, तरी तो बाकावर मान खाली घालून बराच वेळ एकटा बसून राहिला. ते दृश्य इथल्या त्या पिढीच्या मनात कोरलेले आहे. आजोबा त्याविषयी बोलू लागले की वाक्य अर्धे सोडून देतात. त्याच्या मृत्यूनंतर लिहिल्या गेलेल्या एका चरित्रात वेदनाशामकांचा अतिवापर आणि निवृत्तीनंतरचे नैराश्य यांविषयी लिहिले गेले, तेव्हा कुटुंबीय आणि चाहते दुखावले होते. मला त्यात त्याची अप्रतिष्ठा दिसत नाही. तेरा वर्षे दर चार मीटरांना आपटलेल्या शरीराने आणि रविवारच्या सामन्यांतल्या गर्जनेची सवय झालेल्या मनाने एकाएकी स्वस्थ बसावे, ही अपेक्षाच अवघड होती. आजचे संघ ही झीज ओळखून एकाच खेळाडूऐवजी दोघातिघांत धावा वाटून देतात आणि रनिंग बॅकला मोठे दीर्घ करार देताना कचरतात. 2023 च्या उन्हाळ्यात या जागेवरच्या नामवंत खेळाडूंनी त्याविरुद्ध उघड नाराजी व्यक्त केली होती. माणूस झिजतो म्हणून त्याला कमी पैसे देणे हा हिशेब मला कधी पटलेला नाही.

1993 मध्ये त्याला हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे या खेळातल्या थोर खेळाडूंच्या मानाच्या यादीत, स्थान मिळाले आणि व्यासपीठावर त्याची ओळख करून दिली ती त्याच्या बारा वर्षांच्या मुलाने, जॅरेटने. फेब्रुवारी 1999 मध्ये तोच पेटन पत्रकारांसमोर आला तेव्हा इतका खंगला होता की ओळखू येऊ नये. यकृतातल्या पित्तनलिका हळूहळू आकसून बंद होत जाण्याचा एक दुर्मिळ विकार त्याला झाला होता आणि यकृत प्रत्यारोपणाची गरज होती. बोलता बोलता त्याला रडू आवरले नाही. यकृत मिळण्यासाठी तो इतर रुग्णांप्रमाणेच प्रतीक्षा यादीत राहिला. पुढे पित्तनलिकेचा कर्करोग निघाला आणि प्रत्यारोपणाचा मार्गच बंद झाला. आपल्याला आता उपयोग नाही हे कळत असूनही त्याने अवयवदानाचा प्रचार सोडला नाही. त्या महिन्यांत त्याच्याजवळ सर्वाधिक काळ असलेल्यांपैकी एक होता मॅट सुही, मैदानात त्याच्यापुढे राहून त्याची वाट मोकळी करणारा त्याचा जुना सहकारी.

1 नोव्हेंबर 1999 रोजी वॉल्टर पेटन गेला. सोल्जर फील्डवर लोकांनी त्याला निरोप दिला आणि 7 नोव्हेंबरला बेअर्स हे ग्रीन बे या परंपरागत प्रतिस्पर्ध्याच्या मैदानात उतरले. शेवटच्या क्षणी ग्रीन बेला जिंकण्यासाठी एक साधी किक पुरेशी होती. बेअर्सच्या ब्रायन रॉबिन्सनने उंच उडी घेऊन ती हाताने अडवली आणि बेअर्सनी सामना 14–13 असा जिंकला. त्याला वर उचलणारे हात कुणाचे होते, याविषयी आजोबांच्या मनात तिळमात्र शंका नाही, आणि मी त्यांच्याशी वाद घालत नाही.

टेकडीवरून आल्यानंतर काही आठवड्यांनी माझ्या वाहन परवान्याची मुदत संपत आली. खिडकीपलीकडच्या बाईंनी डोळ्यांची तपासणी केली, पत्ता विचारला आणि त्याच स्वरात अवयवदात्यांच्या यादीत नाव घालायचे का, असेही विचारले. मागच्या खेपेस मी या प्रश्नाला घाईघाईने नाही म्हटले होते. या वेळी हो म्हटले. घरी परतताना आजोबा अंगणात पाने गोळा करत होते, म्हणून त्यांना सांगितले. त्यांनी फावडे भिंतीला टेकवले, खिशातून पाकीट काढले आणि स्वतःच्या परवान्यावरची दात्याची खूण मला दाखवली. त्यांनी आपले नाव 1999 च्या हिवाळ्यात नोंदवले होते.